वजावट : कलम 428 चे एक वाचन

फौजदारी निकालपत्राच्या शेवटी बहुधा एक वाक्य असते. आरोपीने कोठडीत काढलेले दिवस शिक्षेतून वजा करावेत, अशा अर्थाचे. त्याआधीची पंचवीस-तीस पाने साक्षीपुराव्याने भरलेली असतात आणि वकील, वार्ताहर, नातेवाईक सारे शिक्षेच्या आकड्यापाशी थांबतात. कैद्याच्या दृष्टीने मात्र घरी कधी जायचे, हे त्या शेवटच्या वाक्यावर ठरते. कायद्याकडे आपण गद्य म्हणून क्वचितच पाहतो. या वाक्याकडे तसे पाहावे, एवढाच या टिपणाचा हेतू आहे.

हे वाक्य आले 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतून. ती 1 एप्रिल 1974 पासून लागू झाली. 1898 च्या संहितेत असे कलम नव्हते. न्यायाधीशाला वाटले तर तो कोठडीचा काळ मनात धरून शिक्षा कमी करी. कैद्याला हक्क म्हणून काही मागता येत नसे. खटला चालू असता माणसे वर्षानुवर्षे तुरुंगात राहतात आणि शेवटी होणारी शिक्षा कधी कधी त्या काळाहूनही लहान निघते, हे संसदेच्या संयुक्त समितीने नोंदवले आणि कलम 428 जन्माला आले. तपास, चौकशी किंवा खटल्याच्या काळात ‘त्याच प्रकरणात’ भोगलेली कैद शिक्षेतून वजा व्हावी, असे ते सांगते. तीन वर्षांची शिक्षा झाली आणि चौदा महिने आधीच कोठडीत गेले असतील, तर बावीस महिने उरतात. जामिनावरचे दिवस धरत नाहीत. दंड न भरल्याबद्दलच्या कैदेलाही ही सवलत नाही.

हे कलम नव्हते तेव्हाची गोष्ट सांगली विसरलेली नाही. 24 जुलै 1943 रोजी वसंतदादा पाटील आणि त्यांचे साथीदार सांगलीचा तुरुंग फोडून बाहेर पडले. पाठलागात अण्णासाहेब पत्रावळे आणि बाबूराव जाधव यांना मरण आले, दादा गोळी लागून जखमी झाले. पुढे खटला, शिक्षा आणि 1946 मध्ये सुटका. ही हकिकत आपण शौर्यकथा म्हणून सांगतो आणि ती तशी आहेच. पण तिच्यात आणखी एक गोष्ट दडलेली आहे. त्या काळी निकालाआधीच्या कोठडीला हिशेबात हक्काचे स्थान नव्हते. साताऱ्याच्या प्रतिसरकारच्या लढ्यात ज्यांनी असे दिवस काढले, त्यांच्या चरित्रांतही शिक्षेची वर्षे ठळक छापलेली दिसतात. कच्च्या कैदेचे महिने एखाद्या ओळीत उरकतात. कायद्याची मोजण्याची रीत नकळत आपल्या चरित्रलेखनातही उतरली आहे.

कलमाचे खरे वाचन पुढे न्यायालयांनी केले. जन्मठेप ही ‘मुदतीची’ कैद नव्हे, म्हणून तिला वजावट नाही, असा अर्थ 1982 मध्ये लावला गेला. 1985 मध्ये भगीरथ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने तो पुसला. निकाल लिहिणारे सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड आपल्या मुलखातले. नजाकत अली या महाराष्ट्रातूनच गेलेल्या प्रकरणात 2001 साली प्रश्न आला तो ‘त्याच प्रकरणात’ या दोन शब्दांचा. एकाच वेळी दोन गुन्ह्यांत कोठडीत असलेल्याला वजावट कोणत्या गुन्ह्यात? न्यायालय म्हणाले, दोन्हींत. दोन वाचने कैद्याच्या बाजूची झाली. तिसरे, 1977 चे, उलट आहे : प्रतिबंधक स्थानबद्धतेचे दिवस वजा होत नाहीत, कारण ती शिक्षेपूर्वीची कोठडी नसून खबरदारी आहे. तर्क बिनचूक आहे. पण दार बाहेरून बंद करणारा हात बदलला, म्हणून आतला दिवस लहान होत नाही.

इथे वाटेगावच्या अण्णा भाऊ साठे यांची ‘फकिरा’ आठवते. तिच्यात ज्यांच्यावर कुठलाच गुन्हा शाबीत झालेला नाही, अशा माणसांच्या मागे सरकारी हजेरीचा जाच लागतो आणि फकिराने शरण यावे म्हणून त्याच्या माणसांना पकडून ठेवले जाते. या माणसांना शिक्षाच नाही. मग वजावट कशातून करायची? कादंबरीने हा प्रश्न कायद्याच्या भाषेत विचारलेला नाही, पण कलम 428 ची उणीव तिथे स्पष्ट दिसते. वजावट घ्यायला शिक्षा व्हावी लागते.

म्हणजे दोषी ठरलेल्याचे चौदा महिने हिशेबात येतात आणि निर्दोष सुटलेल्याचे चौदा महिने कुठेच येत नाहीत. बिनबुडाच्या कारणावरून पोलिसांकरवी अटक करवणाऱ्याकडून मिळू शकणारी भरपाई नव्या संहितेतही 1,000 रुपयांपर्यंतच आहे. देशाच्या तुरुंगांत 31 डिसेंबर 2022 रोजी 5,73,220 कैदी होते. त्यांपैकी 4,34,302 न्यायाधीन. या बहुसंख्यांसाठी आपला कायदा निकालाच्या दिवसापर्यंत तरी मुका आहे.

1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत जुने कलम 468 क्रमांकाने आले. कलम 479 ने मात्र एक पाऊल पुढे टाकले : मृत्युदंड वा जन्मठेपेचे गुन्हे वगळता, पहिल्यांदाच गुन्ह्यात सापडलेल्याने कमाल शिक्षेच्या एकतृतीयांश काळ कोठडीत काढला की त्याला सोडावे. पण त्याच कलमात, एकाहून अधिक प्रकरणे प्रलंबित असणाऱ्याला हा लाभ नाही. नजाकत अली प्रकरणाने जे दोन्ही हिशेबांत मोजायला लावले, ते इथे एकाही हिशेबात मोजले जात नाही.

‘वजावट’ हा वाण्याच्या वहीतला शब्द आहे. आधी घेतलेले नंतर वळते करायचे. व्यवहार म्हणून तो प्रामाणिक आहे; 1974 पूर्वी तेवढा प्रामाणिकपणाही कायद्यात नव्हता. पण वहीत जमेचे पानच ज्याच्या नावावर नाही, त्याच्या दिवसांचे काय, याचे उत्तर हे वाक्य देत नाही. निकालपत्र वाचताना शेवटच्या ओळीपर्यंत जावे आणि तिथे कोणाचे नाव येऊ शकत नाही, हेही पाहावे.