फ्लॉप शोचा ताळेबंद

राजकीय विनोद म्हटला की आपल्याकडे दोनच खाती उघडतात. एक मंत्र्याच्या टोपीचं, दुसरं त्याच्या खुर्चीचं. दूरदर्शनवरच्या 'फ्लॉप शो'त जसपाल भट्टींनी तिसरंच खातं उघडलं आणि खातेदार म्हणून नाव घातलं तुमचं-आमचं!

साल १९८९. त्या वर्षअखेरीच्या निवडणुकीत राजीव गांधींचं सरकार गेलं, विश्वनाथ प्रताप सिंह आले, आणि १९९१ मध्ये तर परवाना-राज्याचंच दिवाळं वाजायला लागलं. एवढ्या उलथापालथीच्या तोंडावर या शिक्षणाने इलेक्ट्रिकल इंजिनियर असलेल्या गृहस्थाने काय दाखवावं? बिघडलेला टेलिफोन, खोटी मेडिकल बिलं, पीएचडीच्या विद्यार्थ्याला घरगड्यासारखं राबवणारे प्राध्यापक, आणि चहा-फराळापलीकडे न जाणाऱ्या मीटिंगा! सारे मिळून भाग दहा. निर्मिती पत्नी सविता भट्टींची. पडद्यावरही बायको त्याच. म्हणजे घरचंच भांडवल, बाहेरचं कर्ज नाही.

आता दोष सांगायलाच हवेत. काही विनोद आधीच्या वळणावरूनच दिसतात, आणि शेवटचं विडंबनगीत कधीकधी ओव्हरटाइम करतं. पण भट्टींचा तो मख्ख चेहरा! लबाडी करताना त्यावर अपराधाची एक सुरकुती नाही. आपला हक्काचा बोनस उचलावा तसा हा माणूस गैरव्यवहार करतो. खरी मेख तिथंच आहे. भ्रष्टाचार करणारा खलनायक नसतो हो, तो भाजीची पिशवी घेऊन घरी जाणारा सज्जन असतो!

मेडिकल बिलांचा भाग परवा जेवणाच्या सुट्टीत मोबाइलवर लावला. सगळे खदखदून हसले. एका टेबलावरचं हसू मात्र जरा उशिरा क्लिअर झालं, चेकसारखं.

ज्या टेलिफोनसाठी लोक वर्षानुवर्षं नंबर लावून बसत, तो आज खिशात आहे. भट्टी २०१२ मध्ये अपघातात गेले. मधल्या काळात सरकारं किती आली नि गेली, त्यांच्यावरचे विनोदही त्यांच्याबरोबर निवृत्त झाले. 'फ्लॉप शो' अजून नोकरीत आहे, कारण त्याने ज्याची टर उडवली तो निवडणुकीत पडतच नाही. तो मत देऊन येतो, बोटावरची शाई दाखवतो आणि म्हणतो, "या देशाचं काही खरं नाही. बरं, ते बिल पास झालं का?"