दीड माणसाचा हिशेब : ‘महावंस’मधील युद्धकथेची चिकित्सा

पाली वाङ्मयात वीरकथेला स्थान नाही, असा समज आपल्या अभ्यासकांत बराच रूढ आहे. त्रिपिटकापुरता तो बव्हंशी खरा आहे. परंतु श्रीलंकेत रचल्या गेलेल्या ‘महावंस’ या पद्यमय इतिवृत्तास तो लागू पडत नाही. महानाम स्थविरांच्या नावावर असलेला हा ग्रंथ सामान्यतः इसवी सनाच्या पाचव्या-सहाव्या शतकातील मानला जातो. जॉर्ज टर्नर यांनी १८३७ साली तो इंग्रजी भाषांतरासह छापला आणि विल्हेल्म गायगर यांनी १९०८ साली त्याची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. त्याच्या मूळ भागातील ३७ परिच्छेदांपैकी २२ ते ३२ हे अकरा परिच्छेद दुट्ठगामणी या एकाच राजाच्या चरित्रास वाहिलेले आहेत. त्यांतील पंचविसावा परिच्छेद, म्हणजे अनुराधपूरचा राजा एळार याच्यावरील विजयाचा, हा प्रस्तुत लेखाचा विषय होय.

काव्य म्हणून या कथेची योग्यता आम्ही नाकारीत नाही. कण्डुल हत्ती, राजमाता विहारदेवी, दहा महायोद्धे आणि अनुराधपूरच्या दक्षिण द्वाराजवळचे द्वंद्व यांची गुंफण कुशल हातांनी झाली आहे. त्याहून लक्षणीय आहे ते शत्रूचे चित्रण. एळार चोळ देशातून आलेला दमिळ. त्याने ४४ वर्षे राज्य केले. त्याच्या शय्येशी घंटा टांगलेली असे आणि न्याय मागणारा कोणीही तिची दोरी ओढू शके. रथाखाली वासरू चिरडले म्हणून त्याने स्वतःच्या पुत्रास त्याच चाकाखाली देहदंड दिला. आपल्या रथाच्या धक्क्याने चैत्याच्या पंधरा शिळा निखळल्या, तेव्हा तो स्वतःच दंड भोगण्यास सिद्ध झाला व पंधरा सहस्र कहापण खर्चून त्याने त्या पूर्ववत बसवून दिल्या. एकविसाव्या परिच्छेदात ग्रंथकार स्पष्ट सांगतो, की एळाराने मिथ्यादृष्टी सोडली नव्हती. परंतु तो पक्षपाताच्या मार्गाने गेला नाही, एवढ्यानेच त्यास मोठे सामर्थ्य लाभले. विजयानंतर दुट्ठगामणीने त्याची अंत्यक्रिया सन्मानाने केली, तेथे चैत्य उभारला आणि पूजा सुरू केली. त्या स्थळावरून जाताना राजपुरुष वाद्ये बंद ठेवीत, अशीही नोंद ग्रंथात आहे. शत्रूस इतका मान देणारी वीरकथा जागतिक वाङ्मयात विरळाच.

मग दोष कोठे आहे? तो युद्धानंतरच्या प्रसंगात आहे. विजयी राजा प्रासादाच्या गच्चीवर बसला आहे. सर्व वैभव भोवती आहे, पण अक्षौहिणी सैन्याचा संहार आठवून त्यास सुख लाभत नाही. राजाची ही अवस्था पियंगुदीपावरील अर्हतांनी जाणली आणि त्यांच्यापैकी आठजण आकाशमार्गे त्याच्या सांत्वनास आले. त्यांच्या सांगण्याचा आशय असा : या कर्माने तुझ्या स्वर्गमार्गास बाधा येणार नाही. तुझ्या हातून दीडच माणूस मेला. एकाने त्रिशरण घेतले होते आणि दुसऱ्याने पंचशीलही. उरलेले मिथ्यादृष्टी, दुःशील, पशुवत् होते. हे ऐकून राजास समाधान वाटले. पुढे बत्तिसाव्या परिच्छेदात तो तुषित स्वर्गास जातो आणि मैत्रेय बुद्धाचा अग्रश्रावक होणार असल्याचे सांगितले जाते.

या वचनाची परीक्षा आम्ही तीन कसोट्यांवर करू इच्छितो.

पहिली कसोटी ग्रंथाच्या अंतर्गत सुसंगतीची. ज्या एळाराच्या न्यायाची थोरवी ग्रंथकाराने स्वतः गायिली, तोही मिथ्यादृष्टीच होता. मग चैत्य कोणाचा उभारला? वाद्ये कोणासाठी थांबविली? राजा माणूस आणि त्याच्यासाठी लढून मेलेला सैनिक पशू, हा भेद कोणत्या न्यायाने केला? आणखी एक गोष्ट पाहावी. एकदा संघास दान न देता आपण मिरीची एक शेंग खाल्ली, हे आठवून याच राजाने प्रायश्चित्तादाखल मरिचवट्टी विहार बांधला. एका शेंगेचे प्रायश्चित्त आहे आणि अक्षौहिणीच्या संहाराचे नाही! प्रत्येक परिच्छेदाच्या शेवटी ग्रंथकार आपला हेतू सांगतो, की सज्जनांच्या ठायी प्रसाद आणि संवेग उत्पन्न व्हावा. गच्चीवरील राजाच्या मनात जो उपजला होता तो संवेगच होता आणि अर्हतांच्या तोंडून ग्रंथकाराने तोच विझविला. नवल असे, की याच परिच्छेदाच्या अखेरच्या गाथेत लोभापोटी मारल्या गेलेल्या असंख्य माणसांचे आणि त्या पापाचे स्मरण ठेवण्याचा उपदेश आहे. त्या गाथेत मेलेली सर्व माणसेच आहेत. कवीची सदसद्विवेकबुद्धी आणि राजाश्रित संप्रदायाची गरज यांचा झगडा येथे उघड दिसतो.

दुसरी कसोटी बुद्धवचनाची. संयुत्तनिकायाच्या गामणिसंयुत्तात योधाजीव नावाचा एक सैनिकप्रमुख भगवंतांकडे येतो. रणात मरणारा योद्धा देवलोकात जातो, असे जुने आचार्य सांगतात. यावर आपले मत काय, असे तो विचारतो. भगवान दोनदा उत्तर टाळतात. तिसऱ्यांदा विचारल्यावर सांगतात, की समोरच्यांचा वध व्हावा, या हीन दिशेला लागलेल्या चित्ताने लढताना जो मरतो तो सरजित नावाच्या नरकात जातो आणि देवलोकाची कल्पना ही मिथ्यादृष्टी होय. योधाजीव रडू लागतो. उत्तर कठोर म्हणून नव्हे, तर आचार्यांनी आपणास दीर्घकाळ फसविले म्हणून तो रडतो आणि मग शरण जातो. समोरचा मेलेला कोण होता, त्याने कोणते शरण घेतले होते, हा प्रश्न या सुत्तात उपस्थितच होत नाही. विचार आहे तो मारणाऱ्याच्या चित्ताचा. दोन्ही कथा शेजारी ठेवाव्यात. सुत्तात रडणाऱ्या योद्ध्यास सत्य मिळते, महावंसात कष्टी राजास सोयीचे उत्तर मिळते.

विनयही हेच सांगतो. पाचित्तियाचे ४८, ४९ व ५० हे नियम भिक्षूस विनाकारण सज्ज सैन्य पाहण्यास, सैन्यात दोन-तीन रात्रींहून अधिक राहण्यास आणि कवायती-झुंजी पाहण्यास मनाई करतात. महावंसात मात्र राजाच्या भाल्यात धातू बसविलेला आहे आणि पाचशे भिक्षू सैन्यासोबत चालले आहेत. तिसऱ्या पाराजिकात मनुष्यवधाचा विचार करताना मारला गेलेला उपासक होता की परमतवादी, असा भेद नाही. अट्ठकथांमध्ये मृताच्या गुणांप्रमाणे वधाचा दोष कमीअधिक होतो, असे विवेचन जरूर आहे. पण कमी दोष म्हणजे दोषाचा अभाव नव्हे. त्या विवेचनास ताणून शून्यापर्यंत नेण्याचे काम महावंसाने केले. जुन्या दीपवंसात दुट्ठगामणीचा उल्लेख मोजक्या गाथांत आटोपतो आणि त्यात हे सांत्वन नाही, हेही ध्यानात घ्यावे. श्रीलंकेतील थोर विद्वान भिक्षू वालपोल राहुल यांनीही १९५६ च्या आपल्या इतिहासग्रंथात हे वचन बुद्धशिकवणीच्या विरुद्ध असल्याचे नोंदविले आहे.

तिसरी कसोटी आपली, म्हणजे धम्मक्रांतीच्या वारसांची आहे. माणसाची किंमत अपूर्णांकात मांडणारा हिशेब आपणास नवा नाही. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायात ब्रह्महत्येच्या तुलनेत क्षत्रियाच्या वधास चतुर्थांश, वैश्याच्या वधास अष्टमांश आणि शूद्राच्या वधास षोडशांश प्रायश्चित्त सांगितले आहे. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडास त्या ग्रंथाचे दहन झाले ते अशाच हिशेबाविरुद्ध. तेथे अपूर्णांक वर्णाने ठरतो, येथे शरणगमनाने ठरतो. गणिताची रीत एकच आहे. पहिला हिशेब जाळणाऱ्यांनी दुसरा, तो पालीत लिहिला आहे म्हणून, डोक्यावर घ्यावा काय?

यावर एक आक्षेप येईल. आपला समाज लढवय्यांचा आहे. १ जानेवारी १८१८ च्या कोरेगावच्या लढाईचे स्मरण आपण करतो, बाबासाहेबांचे वडील सैन्यात सुभेदार होते, १९४१ साली महार रेजिमेंट उभी राहिली. मग आपण योद्ध्यास नरकाची भीती घालावयाची काय? आक्षेप गंभीर आहे. त्याचे उत्तर बाबासाहेबांच्या ‘बुद्ध की कार्ल मार्क्स’ या निबंधात सापडते. तेथे सिंह सेनापतीच्या प्रश्नावर तथागतांचे उत्तर दिले आहे. न्यायासाठी व रक्षणासाठी लढणाऱ्यास दोष देता येत नाही. शांतीचे सर्व उपाय थकल्यावर हिंसेची जबाबदारी युद्ध सुरू करणाऱ्यावर पडते. युद्ध स्वार्थासाठी मात्र असू नये, असा त्याचा आशय आहे. पालीचे अभ्यासक म्हणून आम्ही हे नमूद केले पाहिजे, की महावग्ग व अंगुत्तरनिकाय यांतील सीहप्रकरणात युद्धाचा हा प्रश्न नाही. अशा स्वरूपाचा संवाद पॉल कारस यांच्या १८९४ च्या बुद्धचरित्रात आढळतो. परंतु आशय पाहिला तर महावंसाशी असलेला विरोध स्पष्ट होतो. बाबासाहेबांनी मांडलेल्या उत्तरात जबाबदारी कोणाची हा प्रश्न जिवंत राहतो. मेलेला पशू ठरवून तो प्रश्नच मिटवून टाकलेला नाही.

हा केवळ ग्रंथांतरीचा वाद नव्हे. श्रीलंकेत १९८३ पासून २००९ पर्यंत चाललेल्या यादवी युद्धाच्या काळात दुट्ठगामणीचे नाव वारंवार घेतले गेले. ३० ऑक्टोबर २०१७ रोजी म्यानमारमधील ख्यातनाम भिक्षू सितगू सयाडो यांनी लष्करी अधिकाऱ्यांपुढील प्रवचनात हीच कथा सांगितली. आणि त्या वर्षी ऑगस्टपासून राखाइन प्रांतातील लष्करी कारवाईमुळे सात लाखांहून अधिक रोहिंग्यांना बांगलादेशात पळून जावे लागले होते. पंधरा शतकांपूर्वीचा एक श्लोकसमूह आजच्या शस्त्रधाऱ्याच्या मनातील शेवटची बोच काढून टाकू शकतो, हे त्यावरून कळते.

महावंस वाचू नये, असे आम्ही म्हणणार नाही. तो अवश्य वाचावा, विहारांतील अभ्यासवर्गांतही वाचावा. मात्र पंचविसावा परिच्छेद वाचताना योधाजीव सुत्त सोबत असावे. त्याच ग्रंथाच्या सव्विसाव्या परिच्छेदाकडेही दुर्लक्ष होऊ नये. दहा महायोद्ध्यांपैकी थेरपुत्ताभय हा विजयानंतर राजाचा मान नाकारतो, अजून क्लेशरूपी बंडखोरांशी युद्ध बाकी आहे असे सांगतो, प्रव्रज्या घेतो आणि अर्हत होतो. आठ अर्हतांच्या सांत्वनाने राजा निश्चिंत झाला. ज्याने प्रत्यक्ष शस्त्र चालविले, त्या योद्ध्याने ते खाली ठेवले. महावंसात अनुकरणीय वीर शोधावयाचा असेल, तर तो आम्हांस सिंहासनावर नव्हे, येथे दिसतो.