उधळ्या पोराची गोष्ट आणि आपला किनारा

बापाकडून आपला वाटा मागून घेणारा, तो परमुलखात जाऊन उधळणारा आणि शेवटी डुकरे राखण्याची पाळी आल्यावर घरची वाट धरणारा असा एक धाकटा मुलगा बायबलातल्या लूकच्या शुभवर्तमानात आहे. त्याच्याइतक्या बोली हिंदुस्थानात दुसरा कोणी बोलला नसेल. सर जॉर्ज ग्रियर्सनने 'भारताच्या भाषांची पाहणी' हाती घेतली, तेव्हा प्रत्येक बोलीचा नमुना म्हणून हीच गोष्ट भाषांतरित करून मागवली. तिच्यात तिन्ही पुरुषांची सर्वनामे येतात, नामाच्या बहुतेक विभक्ती येतात, क्रियापदाचे तिन्ही काळ येतात, हे त्याचे कारण. हिशेब चोख होता. हिंदी माणसाच्या मनाला खटकू नये म्हणून गोष्टीत थोडे फेरफार करण्याची काळजीही घेतली होती.

या पाहणीचा सातवा खंड १९०५ साली कलकत्त्याला छापला गेला. तो सबंध मराठीचा आहे, आणि त्याची मुख्य जुळणी स्टेन कोनोव या नॉर्वेच्या पंडिताची. फराळाच्या ताटाशेजारी ठेवून वाचावा असा हा ग्रंथ नव्हे, हे कबूल. पण ज्यांची आजोळे पेण, उरण, अलिबाग, मुरूडकडे आहेत त्यांनी तो एकदा उघडून पाहावा. आपल्या आजीचा शब्द रोमन अक्षरांत, डोक्यावर रेघा आणि पोटाखाली टिंबे घेऊन उभा असलेला पाहणे ही एक वेगळीच गंमत आहे.

त्या काळच्या कुलाबा जिल्ह्याची (१९८१ पासून रायगड) बोली या खंडाने कानाने नव्हे, कागदावरून ऐकली. तरीही पुष्कळ गोष्टी अचूक टिपल्या गेल्या. या पट्टीत 'ळ' टिकत नाही, डोळ्याचा 'डोला' होतो. 'ण'चा 'न' होतो आणि पाणी 'पानी' होते. घोडा 'घोरा' होऊन धावतो. 'इ' आणि 'ए' यांच्यापूर्वीचा 'व' गळतो, म्हणून वेळ ही 'येल' आणि विस्तव हा 'इस्तव'. पुण्याचा माणूस 'मला' म्हणेल तिथे आगरी माणूस 'मना' म्हणतो. शाळामास्तर याला अशुद्ध म्हणत आले. कोनोवच्या रकान्यांत पाहिले की कळते, ही अशुद्धे नव्हेत, नियम आहेत. ते चुकत नाहीत आणि अपवादालाही फारशी सवलत देत नाहीत. एवढे एकच काम या खंडाने केले असते तरी त्याचे ऋण मानावे लागले असते.

पण टीकाकाराने ऋण मानून गप्प बसायचे नसते. माझी पहिली तक्रार त्या पोराविषयीच आहे. ही गोष्ट शेतीवाडीच्या, गुराढोरांच्या, कोरडवाहू मुलखातली आहे. तिच्यात दुष्काळ आहे, उधाण नाही. डुकरे आहेत, मासळी नाही. कोळ्याने ही गोष्ट सांगितली तर त्याला सर्वनामे मिळतील, विभक्ती मिळतील, पण ज्या शब्दांवर त्याचे पोट चालते त्यातला एकही शब्द तोंडात येणार नाही. डोल नाही, रापण नाही, पाग नाही. अमावास्या-पौर्णिमेचे उधाण आणि अष्टमीच्या सुमाराचा भांग हा किनाऱ्यावरचा खरा पंचांगी हिशेब, तोही नाही. आगरी माणसाची तर याहून मोठी पंचाईत. त्याचे नावच मिठागरावरून आलेले, आणि गोष्टीत मीठ नाही! खाजण, खारबंदिस्ती, खारेपाटातला बांध, उघाडी, निवटी, जिताडा, यातले काहीही त्या नमुन्यात शिरायला जागा नाही. व्याकरणाचा सांगाडा हाती लागला, मांस गळून पडले.

दुसरी तक्रार नमुना गोळा करण्याच्या रीतीविषयी. पाहणीचे कागद जिल्ह्याच्या साहेबाकडे जात, तिथून खाली उतरत आणि लिहिता-वाचता येणाऱ्या कोणाच्या तरी हातात पडत. हा लिहिणारा बोलीचा मालक असेलच असे नाही. इंग्रजी किंवा पुस्तकी मराठी मजकूर समोर ठेवून आगरी माणसाला 'हे तुमच्यात कसे म्हणतात?' असे विचारले, की तो बिचारा साहेबाच्या कागदाचा मान ठेवून वाक्य तसेच ठेवतो आणि शब्द तेवढे बदलतो. मग वाक्याची ठेवण कचेरीतली आणि उच्चार खारेपाटातला, असा एक विचित्र प्राणी तयार होतो. प्रत्येक बोलीतला स्थानिक गोष्टीचा किंवा गाण्याचा दुसरा नमुनाही मागवावा असा बेत होता, हे न्यायाने सांगितले पाहिजे. पण पुष्कळ लहान बोलींच्या वाट्याला उधळ्या पोराची गोष्टच आली, तीही कधी अर्धीमुर्धी.

तिसरी तक्रार नावांची, आणि ती मला सर्वांत महत्त्वाची वाटते. या किनाऱ्यावरच्या बहुतेक बोली कोनोवने 'कोकणातली प्रमाण मराठी' अशा एका मोठ्या छत्राखाली घेतल्या आणि छत्राखाली जातींचे कप्पे केले: परभी, कोळी, कुणबी, आगरी, भंडारी, ठाकरी. मराठीची खरी वेगळी पोटभाषा म्हणून मान दिला तो एका गोव्याकडच्या कोकणीला. (त्या कोकणीला १९७५ साली साहित्य अकादमीने स्वतंत्र भाषा म्हणून मान्यता दिली आणि १९९२ साली घटनेच्या आठव्या अनुसूचीत तिला जागा मिळाली. तो निराळा आणि पुष्कळ भांडणांचा विषय आहे.) आता बोली काय जातीच्या कुंपणात राहते? एकाच गावच्या बाजारात कोळीण मासळी विकते आणि आगरीण भाजी. दोघींचे बोलणे एकमेकींना अडत नाही. उलट उरणचा आगरी आणि अलिबागेकडचा आगरी एका जातीचे असून बोलण्यात ओळखू येतात. वरचे छत्र फार मोठे आणि खालचे कप्पे फार अरुंद, असा हा घोटाळा आहे.

असाच घोटाळा आपल्यापासून एका समुद्रापलीकडे झाला, आणि तिथे तो नुसता ग्रंथात राहिला नाही. केनियाच्या पश्चिमेला, व्हिक्टोरिया सरोवराच्या उत्तरेकडे, लुह्या नावाचे लोक राहतात. २०१९ च्या जनगणनेत त्यांची संख्या सुमारे ६८ लाख होती. किकुयूंच्या खालोखाल तो त्या देशातला दुसरा मोठा समाज. पण लुह्या हे नाव मात्र वयाने लहान आहे. १९३० नंतरच्या दशकात तिथल्याच शिकलेल्या तरुणांनी ते पुढे आणले. तोपर्यंत गोरे अंमलदार या सगळ्यांना 'बांटू काविरोंडो' म्हणत, आणि लोक स्वतःला बुकुसु, लोगोली, वांगा, न्योरे, तिरिकी, इसुखा, साम्या अशा नावांनी ओळखत. असे अठरा-एक गट. नव्या नावाचा अर्थ, एका शेकोटीभोवती बसणारे. नाव गोड होते, आणि सरकारपुढे एक होऊन उभे राहायला सोयीचेही होते.

शेकोटी एक झाली तरी बोलणे एक झाले नाही. 'माणूस' आणि 'माणसे' हे दोन शब्द घ्या. वांगा म्हणतो ओमुंडु आणि अबंडु. बुकुसु म्हणतो ओमुंडु आणि बबंडु. लोगोलीत त्याचेच मुंडु आणि वंडु होते. धातू एकच, मागचा 'डु' कायम. पुढचे उपसर्ग गावाच्या हवेप्रमाणे बदलतात. 'बांटू' हे या विशाल भाषाकुळाचे नावही याच 'माणसे' शब्दापासून बनलेले. आपल्या डोळा-डोला, घोडा-घोरा यांच्या जातीचेच हे खेळ आहेत. फरक इतकाच की बुकुसु आणि लोगोली एकमेकांपासून इतके दूर गेले आहेत की एकाचे भरधाव बोलणे दुसऱ्याला सहज समजत नाही.

आणि मग मिशनरी आले. क्वेकरांनी १९०२ साली काइमोसीला बस्तान मांडले आणि लोगोलीत पुस्तके काढली. न्योरे मुलखात दुसरे मिशन, बुटेरेला अँग्लिकन, मुमियासकडे कॅथलिक. ज्या टेकडीवर चर्च, त्या टेकडीची बोली छापखान्यात. १९४० नंतरच्या दशकात या सर्वांना चालेल अशी एकच लेखी लुह्या घडवावी म्हणून समिती बसली. ॲपलबी नावाच्या एका मिशनरी बाईंनी तिच्यासाठी कोश आणि व्याकरण रचले. परिश्रमात कसर नव्हती. पण मधल्या काही बोली जवळ घेऊन केलेली ती भाषा कोणाच्याच आजीची नव्हती. लोगोलींनी आपले बायबल सोडले नाही, बुकुसूंनी आपले वेगळेपण सोडले नाही. राजकारणात लुह्या एक राहिले, पुस्तकात ते एक होऊ शकले नाहीत. कोनोवला निदान हे श्रेय दिले पाहिजे की त्याने एका नावाखाली बोली जमवल्या, पण त्यांची एकच बोली करून दाखवली नाही.

आफ्रिकेचे नाव निघाले की मुरूडचा वाचक जंजिऱ्याची आठवण काढणारच. जंजिऱ्याचे सिद्दी लुह्या नव्हेत. लुह्यांचा मुलूख समुद्रापासून फार आत आहे. सिद्दी म्हणून आपल्या किनाऱ्यावर आलेले लोक कोणी हबसाणातले, कोणी पूर्व आफ्रिकेच्या बांटूभाषी किनाऱ्यावरचे. गुजरातच्या सिद्दींच्या नाचाला 'गोमा' म्हणतात, आणि तो स्वाहिलीतला ढोलाचा व नाचाचा 'ङ्गोमा' आहे. जंजिऱ्यात सिद्दींनी राज्य केले, १९४८ साली ते विलीन झाले, आणि घरात उर्दू नि दारात किनाऱ्याची मराठी अशी त्यांची वाणी झाली. राज्य मिळवले आणि बोली गमावली, असा हा सौदा. मिठागरावरच्या आगऱ्याला राज्य कधीच मिळाले नाही. १९३३ पासून १९३९ पर्यंत चरीच्या कुळांनी नारायण नागू पाटलांच्या पुढारीपणाखाली खोतांविरुद्ध संप केला, जमिनी पडीक ठेवल्या, उपासमार सोसली. त्यांच्याजवळ स्वतःची अशी जी मिळकत होती तिच्यात बोली ही एक.

ग्रियर्सननंतर काय झाले, ते थोडक्यात पाहू. साठीच्या दशकात डॉ. अ. मा. घाटगे यांनी मराठी बोलींची नवी पाहणी सुरू केली, आणि तिच्यात आपल्या जिल्ह्यातली महाडची कुणबी बोली आली. ही पद्धत कितीतरी शुद्ध. जातीबरोबर गाव सांगितले, बोलणाऱ्याच्या तोंडचा उच्चार घेतला, ध्वनींची मांडणी काटेकोर केली. पण महाड हे खाडीच्या टोकाचे, सह्याद्रीकडे तोंड केलेले गाव. समुद्र तिथे बाहेरच राहिला. शिवाय पुस्तक इतके कोरडे की महाडच्या कुणब्याने ते वाचले तर आपण यात आहोत याचा त्याला पत्ता लागणार नाही.

या किनाऱ्यावरच्या बोलीवर लिहिलेले मला सर्वांत चांगले वाटणारे पुस्तक आगरीवर नाही, कोळीवर नाही. ते कोर्लईवर आहे. रेवदंड्यासमोर, कुंडलिकेच्या मुखाशी, डोंगरावर पोर्तुगिजांचा किल्ला आणि पायथ्याशी ख्रिस्ती वस्ती. १७४० साली पोर्तुगीज चौल सोडून गेले, भाषा मागे राहिली. हजाराच्या आतबाहेर माणसे घरात अजून पोर्तुगिजातून जन्मलेली बोली बोलतात. क्लॅन्सी क्लेमेंट्स या अमेरिकन अभ्यासकाने १९९६ च्या ग्रंथात दाखवले की शब्द पोर्तुगीज उरले आणि वाक्य मराठी झाले. क्रियापद शेजाऱ्यांसारखे शेवटी जाऊन बसले. दोनशेहून अधिक वर्षांचा शेजार त्या वाक्यात वाचता येतो. क्लेमेंट्स गावात राहून, माणसांना बोलते करून हे लिहितो, म्हणून त्याच्या पानांना मासळीचा वास आहे. कोनोवच्या पानांना दौतीचा होता.

पण यातली विसंगती बोचते. हजार माणसांच्या बोलीला उत्तम ग्रंथ मिळाला, कारण ती परक्यांना नवलाची वाटली. लाखांच्या आगरीला तसा मिळाला नाही, कारण ती 'मराठीच तर आहे'. जी वेगळी दिसते तिचा अभ्यास होतो, जी जवळची वाटते तिला लाल शाईने सुधारले जाते. एरवी आगरी रंगमंचावर येते ती हशा पिकवायला. लग्नात धवलारीण रात्ररात्र जे गाते त्यातले शब्द, त्यातली जुनी रूपे, हसण्यासाठी नाहीत. पण धवलारिणी आता थोड्याच उरल्या आहेत.

अलीकडे आगरी साहित्याची संमेलने भरतात, पुस्तके निघतात, ही समाधानाची गोष्ट आहे. तिथेच एक हाक कानी येते, की आगरीची एक प्रमाण लेखी भाषा ठरवा. माझे मत याच्या साफ विरुद्ध आहे. कोणत्या गावची आगरी प्रमाण धरणार? उरणची धरली तर अलिबागकर रुसणार; दोन्हींची मिसळ केली तर ती कोणाच्याच चुलीपाशी बोलली जाणार नाही, आणि ॲपलबीबाईंच्या कोशासारखी ती कपाटात राहील. उरणच्याने उरणचे लिहावे, पेणच्याने पेणचे. वाचणारे आपापला मार्ग काढतात. विदर्भाची, खानदेशाची कथा पुणेकर वाचतोच की.

आणि नमुने घ्यायचेच असतील तर त्या उधळ्या पोराला आता घरी बसू द्यावे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या नव्या बोली-पाहणीत माणसांचे बोलणे ध्वनिमुद्रित करून सर्वांसाठी जालावर ठेवले आहे. दिशा ती बरोबर आहे. पुढच्या पाहणीकाराने खारेपाटातल्या एखाद्या म्हाताऱ्याला इतकेच विचारावे, की उधाणाच्या रात्री बांध फुटला तेव्हा कोणी कोणाला हाक मारली आणि मातीची ढेकळे कशी लावली. विभक्ती, सर्वनामे, तिन्ही काळ, सगळे त्यात येईल. मीठही येईल.