चिलमार्कमध्ये बहिरं कोण होतं?

'कान' हा धडा शिकवताना आपण फळ्यावर एक मोठी आकृती काढतो. कानाचा पडदा, हातोडी, ऐरण आणि रिकीब ही तीन चिमुकली हाडं, गोगलगाईच्या शंखासारखा वळलेला आतला भाग, तिथून मेंदूकडे जाणारी चेता. आकृतीला नावं देऊन झाली की शेवटचं वाक्य ठरलेलं असतं : यांपैकी एखादा भाग बिघडला तर बहिरेपण येतं. घंटा होते, तास संपतो. विज्ञान लोकांपर्यंत नेऊ पाहणाऱ्या आम्हा मंडळींनीही याच वाक्यावर आजवर बरेच लेख संपवले आहेत.

नोरा एलेन ग्रोस यांचं 'एव्हरीवन हिअर स्पोक साइन लँग्वेज', म्हणजे 'इथं सगळेच खुणांची भाषा बोलत', हे १९८५ साली निघालेलं पुस्तक त्या वाक्याच्या पुढं सुरू होतं. पुस्तक तसं जुनं झालं. पण शिक्षकांच्या एका वाचनगटात ते नुकतंच वाचलं आणि त्यावर बरीच वादावादी झाली, म्हणून त्याविषयी लिहीत आहोत.

अमेरिकेच्या मॅसॅच्युसेट्स राज्याच्या किनाऱ्याजवळ मार्थाज् व्हिनयार्ड नावाचं बेट आहे. सतराव्या शतकात तिथं इंग्लंडमधून आलेल्यांच्या वसाहती झाल्या. त्यांतली बरीच घराणी मूळची केंट परगण्यातली. बेटावरचं दळणवळण बेताचं, लग्नं बहुतेक आपापसांत. एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत साधारण ५,७२८ माणसांमागे एक जण जन्मतः बहिरा असे. या बेटावर हे प्रमाण १५५ मागे एक होतं, आणि चिलमार्क या गावात तर २५ मागे एक.

मग गावानं काय केलं? गाव खुणांची भाषा शिकलं. मुलं ती बोलण्याबरोबरच उचलत. मासेमारीच्या होड्यांवरून कोळी एकमेकांशी खुणांनी बोलत, कारण समुद्रावर हाक कुठवर पोचणार? ऐकू येणारी माणसं आपापसांतही, जवळपास एकही बहिरा नसताना, या भाषेचा उपयोग करत. ग्रोस यांनी म्हाताऱ्याकोताऱ्यांना गावातल्या अपंगांविषयी विचारलं, तेव्हा या बहिऱ्यांची नावं त्या यादीत आलीच नाहीत. अमका मनुष्य बहिरा होता हे काहींना आठवून पाहावं लागलं! शेती, मासेमारी, लग्नकार्य, गावसभा, सगळीकडे ही माणसं इतरांसारखीच होती.

या पुस्तकातला जनुकांचा भाग विज्ञानशिक्षकांनी मुद्दाम वाचावा. टेलिफोनवाले अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल १८८० च्या दशकात या घराण्यांच्या वंशावळी तपासत होते. आईबाप दोघं ऐकणारी, मूल बहिरं. उलट बहिऱ्या माणसाची मुलं ऐकणारी. हा गुंता त्यांना सुटला नाही. सुटणार तरी कसा? मेंडेलचा १८६६ साली छापलेला निबंध १९०० पर्यंत कोणाच्या फारसा ध्यानातच आला नव्हता. अप्रभावी जनुक आई आणि बाप या दोघांकडून आलं तरच बहिरेपण दिसतं, एरवी ते पिढ्यान्‌पिढ्या लपून राहतं, हे आज आपला दहावीचा विद्यार्थी चौकट मांडून दाखवील. मात्र बेल स्वस्थ बसले नाहीत. बहिऱ्यांची लग्नं आपापसांत होत राहिली तर मानवाची एक बहिरी जातच तयार होईल, असा इशारा देणारा निबंध त्यांनी १८८३ साली वाचला.

आणि बेटावर घडलं ते असं. १८१७ साली हार्टफर्ड इथं बहिऱ्या मुलांची शाळा निघाली. पुढं बेटावरची मुलं तिथं जाऊ लागली. तिथल्या ओळखीतून काहींनी बेटाबाहेरच्या बहिऱ्या जोडीदारांशी लग्नं केली. त्या जोडीदारांच्या बहिरेपणाचं कारण निराळं असे, मग मुलं ऐकणारी होत. बेल यांना ज्याची धास्ती होती, तशा लग्नांनीही बेटावरचं बहिरेपण ओसरायला हातभार लावला. अशा वंशपरंपरागत बहिरेपणाची शेवटची व्यक्ती १९५२ साली वारली. अप्रभावी जनुकांच्या धड्याला इतकं चांगलं उदाहरण आमच्या पाहण्यात दुसरं नाही.

आता पुस्तकाच्या उण्या बाजूकडे वळतो.

ग्रोस बेटावर पोचल्या तेव्हा एकही बहिरा साक्षीदार हयात नव्हता. कागदपत्रं आणि वंशावळी सोडल्या, तर पुस्तकातलं जिवंत चित्र उभं राहतं ते ऐकू येणाऱ्या वृद्धांच्या आठवणींवर, आणि त्या आठवणी त्यांच्या लहानपणच्या. आपल्या लहानपणच्या गावात भांडणं नव्हती असं कोणता म्हातारा सांगत नाही? 'आमच्यात भेद नव्हता' हे वाक्य ज्याच्या बाबतीत भेद होऊ शकला असता त्याच्या तोंडून यावं लागतं, आणि इथं ते आलेलं नाही. लेखिका प्रामाणिक आहेत, माहिती कुठून मिळाली ते लपवत नाहीत. पण निष्कर्ष काढताना त्यांचा आवाज जरा अधिकच खात्रीचा होतो असं आम्हाला वाटतं.

दुसरा मुद्दा संख्येचा. २५ मागे एक असलं की प्रत्येक घराच्या आप्तांत, शेजारात कोणीतरी बहिरं असणारच; ती भाषा न येणाऱ्याचीच तिथं पंचाईत. यात गावाच्या मनाच्या मोठेपणाइतकाच गरजेचाही भाग आहे. आपल्या दोन हजार वस्तीच्या गावात एखादंच बहिरं मूल असतं. त्याच्या खुणा आईला कळतात, थोड्या भावंडांना कळतात, आणि उंबऱ्याबाहेर संपतात. अशी मुलं एकत्र आली की काय होतं, ते निकाराग्वात दिसलं. १९७७ साली मानाग्वा शहरात अशा मुलांची शाळा सुरू झाली. शिक्षक ओठांवरून स्पॅनिश वाचायला शिकवत होते; मुलांनी मैदानावर आणि बसमध्ये स्वतःची भाषा घडवली. तिला व्याकरण आहे, हे भाषाशास्त्रज्ञांनी पुढं तपासून दाखवलं.

वाचनगटात खरी खडाजंगी झाली ती वेडावरून. मराठीत आपण 'ठार बहिरा' म्हणतो तसंच 'ठार वेडा'ही म्हणतो. माणसाला एकदा ठार केलं की पुढं बोलणंच खुंटलं. एका मित्राचं म्हणणं असं, की बहिरेपण जर निम्मं समाजानं घडवलेलं असेल तर वेडही तसंच. हे आम्हाला पुरतं पटलं नाही. बेल्जियममधल्या खेल गावात मनोरुग्णांना घरी ठेवून घेण्याची प्रथा शतकानुशतकं चालत आली आहे. १९३० च्या दशकाच्या शेवटी असे साडेतीन हजारांहून अधिक लोक तिथल्या कुटुंबांत राहत होते. तुरुंगासारख्या वेड्यांच्या इस्पितळांपेक्षा हे केव्हाही बरं. पण ज्याला रात्रभर कोणी शिव्या देणारे आवाज ऐकू येतात, त्याचा छळ शेजारी चांगले मिळाले म्हणून थांबत नाही. त्याला शेजारही हवा आणि औषधही हवं. चिलमार्कचा बहिरा बहिरेपणामुळं व्याकूळ नव्हता. हा फरक पुसून टाकला तर दोघांवरही अन्याय होतो.

आपल्याकडे हा प्रश्न बहुधा आकड्यात बसवला जातो. १९९५ च्या कायद्यात ६० डेसिबलची मर्यादा होती. २०१६ च्या कायद्यानं दोन्ही कानांत ७० डेसिबलची हानी म्हणजे बहिरेपण, ६० ते ७० म्हणजे कमी ऐकू येणं असं ठरवलं आणि खुणांच्या भाषेलाही स्थान दिलं. प्रमाणपत्रासाठी कुठंतरी रेघ ओढावी लागते हे मान्य. पण आपलं साधं बोलणं जवळून मोजलं तर साधारण ६० डेसिबलचं असतं, आणि साठ मुलांच्या गजबजाटात शेवटच्या बाकापर्यंत त्यातलं किती पोचतं?

गटातल्या एका बाईंच्या पाचवीच्या वर्गात असाच एक मुलगा होता. पावसाळ्यात कान वाहायचा. प्रगतिपुस्तकावर तीन वर्षं 'लक्ष देत नाही' असा शेरा. तपासणीत ४५ डेसिबलची हानी निघाली, म्हणजे कायद्याच्या हिशेबानं काहीच नाही. बाईंनी त्याला दुसऱ्या बाकावर आणलं आणि फळ्याकडे तोंड करून बोलायचं सोडलं. ही सवय मोडायला त्यांना दिवाळी उजाडली. गुण त्या वर्षी फारसे वाढले नाहीत. शेजारच्या मुलानं मात्र काही सुटलं की कोपरानं ढोसून सांगायला सुरुवात केली, मग दोघांनी मिळून खुणा ठरवल्या, आणि त्या हळूहळू मागच्या बाकांपर्यंत गेल्या. पुस्तक उघडा, गृहपाठ दाखवा, बाई चिडल्या आहेत, एवढ्या खुणा बाईंना आता ओळखता येतात. उरलेल्या कशाच्या आहेत, ते वर्ग त्यांना सांगत नाही.