संथ काचेपलीकडचे घर

काही कथा वाचता वाचता आवडतात आणि विसरून जातात. काही प्रथम फारशा आवडत नाहीत, पण पुढे कधीतरी वाट अडवून उभ्या राहतात. बेलफास्टच्या बॉब शॉ या लेखकाची ‘लाइट ऑफ अदर डेज’ (१९६६) ही कथा माझ्या बाबतीत दुसऱ्या जातीची ठरली. तरुणपणी ‘युक्ती बरी आहे’ एवढा शेरा मारून मी ती बाजूला ठेवली होती. तो शेरा आज मला मागे घ्यायचा आहे.

युक्ती अशी. प्रकाश सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर धावतो. पण शॉने कल्पिलेल्या काचेतून पलीकडे निघायला त्याला वर्षेच्या वर्षे लागतात. अशी दहा वर्षांची काच दहा वर्षे एखाद्या सरोवराकाठी उभी करावी आणि मग शहरातल्या कोंदट खोलीच्या खिडकीला बसवावी. पुढची दहा वर्षे त्या खिडकीत तेच सरोवर, तेच ढग, तीच पाखरे! हे चित्र नव्हे, छायाचित्रही नव्हे. तो खराच प्रकाश, फक्त उशिरा पोचलेला. १९९९ साली लेने हाऊ या शास्त्रज्ञ बाईंनी अतिशीत सोडियम वायूत प्रकाशाचा वेग सेकंदाला १७ मीटरपर्यंत खाली आणला खरा. पण खिडकीची ती काच अजून कथेतच आहे.

उशिरा पोचणाऱ्या प्रकाशातून भूतकाळ पाहण्याची कल्पना मात्र जुनी आहे. फ्रेंच ज्योतिर्विद फ्लामारियाँ याच्या ‘ल्युमेन’मध्ये (१८७२) मृत्यूनंतर नायकाचा आत्मा कॅपेला, म्हणजे आपल्या ब्रह्महृदय, ताऱ्याच्या परिसरात पोचतो. तेथून त्याला ७२ वर्षांपूर्वीची पृथ्वी दिसते, राज्यक्रांतीतले पॅरिस दिसते. या ताऱ्याचे अंतर आज सुमारे ४३ प्रकाशवर्षे मानतात. तेवढ्याने ग्रंथाचे काही बिघडत नाही. पुढे ल्युमेन प्रकाशाहून वेगाने दूर जातो, तेव्हा वॉटर्लूची लढाई त्याला उलटी दिसते आणि मेलेले शिपाई उठून उभे राहतात. दृश्य भव्य आहे. आपण थक्क होतो. पण डोळे ओलावत नाहीत. उठलेल्यांत आपल्या ओळखीचा एकही नसतो.

शॉने हे सारे आकाश एका घराच्या खिडकीत आणले. स्कॉटलंडच्या डोंगराळ भागात एक कुरबुरणारे जोडपे संथ काच विकत घ्यायला थांबते. विक्रेता हेगन घराबाहेरच्या दगडी भिंतीवर बसलेला. खिडकीतून त्याची बायको आणि लहान मुलगा दिसतात. पाहुण्यांकडे मात्र त्यांचे लक्ष जात नाही. पाऊस येतो. बसायला दिलेली घोंगडी परत ठेवावी म्हणून पाहुणी बाई दार उघडते. आत ओल, दुर्गंधी, उष्टी भांडी. माणूस कोणी नाही. खिडकीतून दिसलेल्या वस्तूंपैकी ओळखू येते ती फक्त मुलाची खेळण्यातली ढकलगाडी, रंग उडालेली आणि मोडकी. मायलेकरांना सहा वर्षांपूर्वी मोटारीने उडवले होते. खिडकीची काच संथ होती.

कथेत दोष नाहीत असे नाही. त्या जोडप्याचे भांडण ओढूनताणून आणलेले वाटते आणि शेवटी त्यांच्यातले अंतर जरा घाईनेच कमी होते. पण हेगनची जागा लेखकाने अचूक हेरली आहे. काचेतले घर फक्त बाहेरून दिसते. बायको-मुलाला पाहायचे, तर या गृहस्थाला स्वतःच्याच घराबाहेर बसावे लागते. आणि तो बाहेर बसतो म्हणून आतले घर कुजत जाते. शिवाय काचेतला साठा संपणारा आहे. एके दिवशी तिच्यातूनही ती दोघे बाहेर पडतील आणि परतणार नाहीत. शॉ हे बोलून दाखवत नाही. आपल्यालाच ते उमगते.

मला ते उशिरा उमगले. आमची ही गेली, तेव्हा मागे एक ध्वनिफीत राहिली. परगावी राहणाऱ्या सुनेसाठी तिने अनारशांची कृती त्यात सांगितली होती: तांदूळ किती दिवस भिजवायचे, गूळ कसला घ्यायचा. दोन वर्षे मी रोज रात्री ती ऐकत असे. तिसऱ्या दिवाळीला सूनबाई आल्या. स्वयंपाकघरात शिरल्या आणि काही न बोलता पदर खोचून भांडी घासायला बसल्या. त्या मोरीपुढे उभा असताना मला हेगनची खोली आठवली. नंतर ती ध्वनिफीत त्यांनी मागून घेतली आणि त्या बरहुकूम अनारसे केले. पहिला घाणा तुपात विरघळला. दुसरा साधला.

म्हणून म्हणतो, त्या कथेत नुसती युक्ती नाही. गेलेल्या माणसांचा प्रकाश जपावा कसा आणि तो जपताना घरात राहावे कसे, हा तिचा विषय आहे. सणाच्या निवांत दुपारी ती मिळवून वाचा; चार माणसांत मोठ्याने वाचलीत, तर अधिकच चांगले.