घरातली पानं कोण वाचणार?

गेल्या महिन्यात आमच्या वस्तीतल्या वाचनालयात ‘आयदान’वर चर्चा झाली. बोलणारे नऊ, नऊच्या नऊ पुरुष. बाया आल्या नाहीत, पाण्याचा दिवस होता. शाळा, पाणवठा, जात यावर सगळे तावातावानं बोलले. नवऱ्याची पानं आली तसा एकजण म्हणाला, ‘घरातलं चव्हाट्यावर कशाला आणायचं?’ मीही मान हलवली. त्या मानेची लाज वाटते म्हणून हे लिहितोय.

उर्मिला पवारांचं हे आत्मकथन २००३ साली आलं. विधवा आई आयदानं विणून पोरं जगवते, लेक मुंबईला सरकारी कचेरीत नोकरी करते. एका पिढीत बाई बांबूच्या कामट्यांपासून टेबलापर्यंत आली. आमच्या समीक्षकांना इथवरच पाहिजे असतं, मग ‘प्रगती’ म्हणून टाळ्या. पण कचेरीतून आल्यावर तिची चूल काही सुटत नाही. ती एम.ए.ला बसते ते नवऱ्याला खुपतं. पगार चालतो, पुस्तक चालत नाही.

बेबी कांबळे यांचं ‘जिणं आमुचं’ १९८२ साली ‘स्त्री’ मासिकातून क्रमशः आलं. फलटणला दुकान सांभाळत बाईंनी ते लिहिलं आणि वीसेक वर्षं लपवून ठेवलं. कुणापासून? गावच्या पाटलापासून नव्हे, घरच्यांपासून! सासुरवासात पिचलेल्या कोवळ्या सुना त्या रोखठोक लिहितात. स्वतः खाल्लेला मार मात्र पुस्तकात फारसा येत नाही, तो पुढं मुलाखतीत सांगतात. इथं पुस्तक अडखळतं, असं माझं मत आहे. पण अडखळायला लावलं कुणी?

महायुद्ध चालू असताना, १९४२ साली, नागपूरच्या महिला परिषदेत बाबासाहेबांनी सांगितलं, लग्न झालेल्या बाईनं नवऱ्याची मैत्रीण व्हावं, गुलाम होऊ नये. युद्ध सरलं, स्वातंत्र्य आलं, बाया कचेरीत गेल्या, दवाखान्यात गेल्या. आम्ही दर जयंतीला ते भाषण सांगतो आणि घरी येऊन ताट मागतो.

मी सूतगिरणीत रिंग खात्यात, बायको तिथंच वाइंडिंगला. पाळी दोघांचीही आठ तासांची. घरी आल्यावर मी वही उघडतो, ती पीठ मळते. परवा तिला माझी नवी कविता वाचून दाखवली. ‘आमचे हात’ असं त्यात ओळीओळीला आहे. मळता मळता ती म्हणाली, ‘अवो, ह्यात माजं हात कुटं हायत?’

ती कविता या अंकाला द्यायची होती. दिली नाही.