बखरीचे फाटके पान

काळाच्या प्रवाहात कोठे उलथापालथ झाली, तर ती ओळखावी कशी? विज्ञानकथेत या प्रश्नाचे उत्तर बहुधा एखादे यंत्र देते. एच. जी. वेल्स यांनी १८९५ साली काळात फिरणारे वाहनच उभे केले. पुढच्यांनी काळाचा बिघाड टिपणारी उपकरणे कल्पिली. डॉ. जयंत नारळीकर यांनी मात्र या कामी निवडले बखरीचे एक फाटके पान. मे २०२५ मध्ये डॉक्टरांचे पुण्यात निधन झाले. त्यानंतर पेणहून रोह्याला जाताना आगगाडीत आम्ही त्यांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा पुन्हा वाचली.

इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर निराळ्याच जगात जाऊन पोहोचतात. तेथे १४ जानेवारी १७६१ रोजी मराठ्यांनी पानिपत जिंकलेले असते. आपल्या इतिहासात विश्वासरावांना गोळी लागली. तेथे ती कानाजवळून निसटून गेली. तीळभर अंतराने देशाचे नशीब फिरले. मुंबईच्या ग्रंथालयात, भाऊसाहेबांच्या बखरीत, पंतांना हा मजकूर सापडतो आणि परत येताना तिचे एक पान त्यांच्या खिशात राहते. आपल्याकडील बखरीशी ते ताडून पाहिले की फरक उघड होतो.

या साधनाचे मोल आम्हांला फार वाटते, कारण ते एकट्याने काम करीत नाही. ज्याला मूळ मजकूर ठाऊक नाही, त्याच्या हाती ते पान म्हणजे केवळ रद्दी! पंतांनी इतिहास जन्मभर अभ्यासला होता, म्हणून एका ओळीतील बदल त्यांना जाणवला. ‘उजव्या सोंडेचा गणपती’ या कथेतही डॉक्टरांनी हीच युक्ती योजिली आहे. तेथे काळाऐवजी अवकाशाची घडी उलटते आणि डाव्या सोंडेची मूर्ती उजव्या सोंडेची होते. पेणच्या गणपती कारखान्यांतील कारागिराला तो फेर पाहताक्षणी कळेल. एखादा परका मनुष्य नुसता नमस्कार करून पुढे जाईल.

दोष नाही असे नाही. कथेच्या अखेरीस पंतांचे मित्र राजेंद्र देशपांडे आपत्ती-सिद्धांत आणि पुंजविज्ञान समजावून देतात. तेथे कथेचा वर्ग होतो आणि वाचक बाकावर बसतो.

याहून मोठी उणीव दुसरी. एन.सी.ई.आर.टी.च्या अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पाठ्यपुस्तकात या कथेचे इंग्रजी रूप ‘दि ॲडव्हेंचर’ या नावाने आले आणि आपल्यापैकी अनेकांच्या मुलांनी ते वाचले असेल. त्यात पंत त्या निराळ्या मुंबईत आपल्या मुलाची, विनयची, चौकशी करतात. कर्मचाऱ्यांच्या यादीत ते नाव नसते. मुलगा या जगात कदाचित जन्मलाच नसेल, असा तर्क करून पंत त्या बाईंचे आभार मानतात आणि ग्रंथालयाकडे वळतात.

येथे आम्ही पुस्तक मिटले. बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत आपल्या माणसाचे नाव सापडले नाही, तर समोर बसलेल्या माणसाचा चेहरा कसा होतो, हे आम्ही पाहिले आहे. तेथे चूक बहुधा लेखनिकाची असते; पाने उलटता उलटता नाव मिळते आणि जीव भांड्यात पडतो. पंतांना तर सबंध यादी पाहूनही मुलगा मिळाला नाही! काळाची खरी उलथापालथ दाखविणारे पान त्यांना तेथेच गवसले होते. विश्वासरावांच्या कानाजवळून गेलेली गोळी लेखकाने तीळभरही नजरेआड केली नाही. बापाच्या काळजातून गेलेली मात्र दोन ओळींत आटोपली.

तरीही ही कथा घरोघरी वाचली जावी असेच आम्ही म्हणू. रोह्याला मध्य रेल्वेची हद्द संपते आणि कोकण रेल्वेची सुरू होते. रूळ तेच, डबा तोच. ज्याला ठाऊक आहे त्यालाच हद्द कळते. इतिहासाचा सांधाही असाच दिसत नाही, हे डॉक्टरांनी आपल्याला एका फाटक्या पानावर दाखविले. मुलांना ही कथा वाचून दाखवा, आणि मग विचारा : अशा परक्या जगात गेलात, तर आधी कोणाचे नाव शोधाल? पानिपताचे उत्तर त्यानंतर शोधता येईल.